अस्तंब्याला कॅमेरा चालतो का?

वहिनी, जिजींच्या नातवाचं कळलं का? अहो, तोच, पुण्याला सिनेमा शिकायला गेलेला. परवा आला. केस खांद्यापर्यंत, पाठीला कॅमेऱ्याची भलीमोठी पिशवी, आणि चपला काढायच्या आत आजीला म्हणतो, मला अस्तंब्याच्या ऋषीवर सिनेमा करायचाय. प्रायोगिक. जिजींनी दुपारभर बिबडे वाळत घालता घालता तो शब्द तोंडात घोळवला आणि ऊन उतरल्यावर भिंतीपाशी येऊन मलाच विचारलं, "बाई, हाऊ प्रायोगिक म्हंजे काय शे व?" मी म्हटलं, जिजी, ज्याचं तिकीट कुणी काढत नाही तो. तर म्हणतात कशा, "मंग त्याना बाप पैसा कसाले दी ऱ्हायना?" आता यावर मी काय बोलणार!

तुम्ही सांगलीकडच्या, तुम्हाला अस्तंबा माहीत नसेल. सातपुड्यातलं शिखर आहे, तेराशे पंचवीस मीटर उंच, धडगावच्या बाजूला. आता तो भाग नंदुरबारात मोडतो, पण नंदुरबार जिल्हाच मुळी १ जुलै १९९८ ला झाला. त्याआधी सगळं आपल्या धुळ्यातच होतं, त्यामुळे जिजी अजूनही अस्तंबा धुळ्याचाच म्हणतात आणि मीही त्यांना दुरुस्त करत नाही. तर तिथं महाभारतातला अश्वत्थामा राहतो. म्हणजे लोक तसं मानतात. कपाळावरचा मणी काढून घेतला, जखम भरत नाही, मरणही येत नाही, मग तो रानोमाळ हिंडतो आणि जखमेला लावायला तेल मागतो. रानात वाट चुकलेल्याला तोच वाटेला लावतो असंही सांगतात. धनत्रयोदशीला तिथं यात्रा भरते. आपल्याकडून, गुजरातेतून, मध्य प्रदेशातून आदिवासी माणसं येतात आणि रात्रीच्या अंधारात डोंगर चढतात. आणि गंमत म्हणजे इकडे बुऱ्हाणपूरजवळच्या असीरगडावरही हाच अश्वत्थामा. तिथल्या महादेवाला रोज पहाटे पुजाऱ्याच्या आधी कुणीतरी फूल वाहून गेलेलं असतं म्हणे. एकच माणूस दोन्हीकडे कसा, असं विचारू नका. चिरंजीव आहे तो, त्याच्याकडे वेळच वेळ.

जिजींचं म्हणणं वेगळंच. "देवले इचारं का त्यानी?" मी म्हटलं, आधी वनखात्याला विचारावं लागेल, देवाचं नंतर बघू. त्या काही हसल्या नाहीत. त्यांचं माहेर शिरपूरकडचं, तापीच्या अंगाला. लहानपणी दारात कुणी अनोळखी माणूस तेल मागायला आला की घरातली पोरं आधी त्याच्या कपाळाकडे बघायची, पागोटं जरा जास्तच खाली ओढलंय का म्हणून. तेल मात्र द्यायचेच. जखम असो नसो. ही गोष्ट त्यांनी नातवाला सांगितली तेव्हा तो म्हणे वही काढून लिहायला बसला. इंजिनिअरिंगला असताना हा पोरगा कधी वही काढून बसला नव्हता.

पण त्याला एक सांगायला हवं, वहिनी. त्याला वाटतं, देवादिकांच्या, भुताखेतांच्या गोष्टी कॅमेऱ्यात धरून काहीतरी वेगळं करायचं, हे त्यालाच पहिल्यांदा सुचलंय. अरे बाबा, आपल्याकडे सिनेमा जन्माला आला तोच तसा. तो सुरू करणारे फाळके कुठले? त्र्यंबकेश्वरचे, म्हणजे आपल्या शेजारच्याच जिल्ह्यातले. आणि सिनेमा काढायच्या आधी हा माणूस जादूचे प्रयोग करायचा, ठाऊक आहे? नाव घेतलं होतं प्रोफेसर केल्फा. फाळके उलटं वाचा! कुंडीतल्या वाटाण्याचा कोंब कसा वाढतो, त्याची रोज थोडी थोडी फिल्म घेऊन ती सलग दाखवली आणि बघणारे चक्रावले. आता याला प्रायोगिक नाही तर काय म्हणायचं? मग १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र', पुढं १९१७ चं 'लंकादहन', १९१९ चं 'कालिया मर्दन', त्यात स्वतःची लेक मंदाकिनी कृष्ण झालेली. पडद्यावर देव आला की लोक हात जोडायचे, जोडे काढून बसायचे, असं सांगतात. पण मला फाळक्यांचं कौतुक वाटतं ते पुढच्या गोष्टीचं. याच माणसानं सिनेमा कसा तयार होतो तेही फिल्म काढून लोकांना दाखवलं. देव दाखवला आणि देव कसा दाखवला तेही दाखवलं. हात जोडणाऱ्यांना तो हसला नाही आणि त्यानं त्यांना फसवलंही नाही. जिजींच्या नातवानं हे एवढं जरी उचललं तरी त्याच्या बापाचे पैसे वसूल झाले म्हणीन मी.

जिजींना फाळके काही पटले नाहीत. जुना माणूस, गेला. पण मी 'जैत रे जैत'चं नाव काढलं मात्र, त्या काठी टाकून पुढे सरसावल्या. "ती आमना शिरपूरनी पोर शे!" स्मिता पाटील हो. जन्म पुण्याचा, पण घराणं शिरपूरचं. वडील शिवाजीराव पाटील, शिरपूरच्या साखर कारखान्याचे. जिजी तिच्याबद्दल असं बोलतात जणू लहानपणी तिला कडेवर घेतलं होतं. घेतलं असेलही, शिरपूरची माणसं काय सांगावीत! तर तो सिनेमा १९७७ चा, जब्बार पटेलांचा, गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा. गाणी ना. धों. महानोरांची, म्हणजे आपल्या जळगावच्या वेशीवरच्या, अजिंठ्याच्या पायथ्याशी असलेल्या पळासखेड्याच्या माणसाची. गोष्ट ठाकर आदिवासींची. भगताचा पोरगा नाग्या. पुण्यवंताला राणीमाशी दर्शन देते असं ऐकून वाढलेला. तीच माशी त्याचा डोळा फोडते, आणि मग तो लिंगोबाच्या डोंगरावरची सगळी पोळी उतरवायची शपथ घेतो. देवाशीच वैर की हो! स्मिता झालीय चिंधी, ती त्याच्या बाजूनं उभी राहते आणि शेवटी त्याच माश्यांनी मरते. नाग्या जिंकतो, पण मिळालं काय? सबंध सिनेमा गाण्यांतून पुढं सरकतो. त्या काळी असला खटाटोप करायला छाती लागत होती. त्यात भगत खोटा आहे की खरा, डोंगरात देव आहे की नाही, याचा निवाडा कुणी देत नाही. आपण मात्र चिंधीच्या अंगावरची सूज बघून उठतो.

बरं, हे झालं रानातलं. गावातल्या श्रद्धा याहून अवघड असतात, कारण तिथं पैसा येतो. गुप्तधन! आता तुम्ही तोंडावर पदर घेतलात, म्हणजे तुम्हाला ते आमच्या नात्यातले गृहस्थ आठवले. नाव घेत नाही. पैशाचा पाऊस पाडून देतो म्हणाला तो बाबा, आणि यांनी म्हैस विकली. पाऊस पडला, पण जूनमध्ये, आणि पाण्याचाच. त्यांची आई अजून सांगते की आमच्यात कुणी पायाळू नव्हता म्हणून काम फसलं. पायाळू म्हणजे जन्मताना पाय आधी बाहेर आलेलं मूल. त्याला जमिनीतलं धन दिसतं म्हणे, आणि विजा कडाडायला लागल्या की त्याला घरात घ्यायचं, कारण वीज त्याच्याकडे ओढली जाते. ऐकायला गोष्ट गोड आहे. पण परभणी जिल्ह्यातल्या मानवतला याच गुप्तधनापायी १९७२ ते ७४ मध्ये बायकामुलींचे खून पडत गेले, एकामागे एक, तेव्हा त्या गोडव्याचं काय झालं ते सगळ्या महाराष्ट्रानं पेपरात वाचलं. त्यावर अमोल पालेकरांनी सिनेमा काढला, 'आक्रीत', १९८१ चा, दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला, लिहिला विजय तेंडुलकरांनी. 'गोलमाल' करून हसवणारा तो भिडस्त माणूस, आणि त्यानं स्वतःच त्यातला तो गावातला बडा माणूस रंगवला. मी तो एकदाच पाहिलाय. पुन्हा बघणार नाही, आणि विसरलेही नाही.

आणि त्याच गुप्तधनाचा दुसरा अवतार म्हणजे 'तुंबाड'. तुमच्या लेकीनं परत लागला तेव्हा दोनदा पाहिला ना? २०१८ मध्ये आला तेव्हा फार चालला नाही, २०२४ च्या सप्टेंबरात परत लावला तर पहिल्यापेक्षा जास्त धंदा केला. दिग्दर्शक राही अनिल बर्वे, आपल्या लेखक अनिल बर्व्यांचा मुलगा. नागझिऱ्याच्या रानात मित्रानं नारायण धारपांची एक कथा सांगितली, ती पोराच्या डोक्यात घर करून बसली. विशीच्या आतच त्यानं पहिला खर्डा लिहिला. मग एकदा चित्रण केलं, ते पुरेसं वाटलं नाही, पुन्हा केलं. शेवटी व्हेनिसच्या समीक्षक सप्ताहाचा पडदा त्याच सिनेमानं उघडला. भाषा हिंदी, पण वाडा, पाऊस, सोवळं, जात्याची घरघर, सगळं आपलं. आणि त्यातला तो हस्तर! हा देव कुठल्या पोथीत नाही की पुराणात नाही, सिनेमावाल्यांनी मनानं घडवलेला. तरी आमच्या शाळेतल्या एक शिक्षिका मला छातीठोक सांगत होत्या की कोकणात त्याचं जुनं देऊळ आहे. लोककथा अशीच तयार होते, वहिनी, आपल्या डोळ्यांसमोर. मला तो सिनेमा आवडला, पण 'आक्रीत'च्या शेजारी ठेवला की जरा गुळगुळीत वाटतो. तिथं मरणाऱ्या पोरी खऱ्या होत्या.

'फँड्री'तल्या जब्याची काळी चिमणी तर तुम्हाला पाठच आहे. तिची राख वर्गातल्या शालूवर टाकली की शालू वश होणार. बिचारा सिनेमाभर गलोल घेऊन पळतो. नागराज मंजुळ्यांनी त्या चिमणीची टिंगल केली नाही, आणि ती खरीही ठरवली नाही. ज्याच्या हातात काहीच नाही त्याला चिमणी तरी हवी, एवढंच. बास, त्यावर जास्त बोलत नाही.

आता नातवाच्या दुसऱ्या खुळाचं ऐका. आखाजी, म्हणजे अक्षय तृतीया आली, तर त्याला बारागाड्या टिपायच्यात. तुम्ही मेहरूणला बघितल्यात का कधी? एकामागे एक बारा बैलगाड्या दोरखंडानं बांधतात, बैल जुंपत नाहीत, वर माणसं लटकलेली, आणि पुढे भगत एकटा कमरेला दोर लावून उभा. गलका होतो आणि गाड्या निघतात. डोळ्यांवर विश्वास बसत नाही. मागून, बाजूनं शेकडो हात लागलेले असतात, चाकांना वंगण असतं, वाटेला थोडा उतार असतो, हे गावाला ठाऊक नसतं असं समजू नका. सगळं ठाऊक असतं. तरी भगताच्या पाया पडतात, कारण उपासतापास करून तो सगळ्या गावासाठी पुढे उभा राहिलेला असतो. फक्त एकदा धावायला लागलेल्या गाड्या थांबवणं कुणाच्या हातात नसतं, आणि चाकाखाली माणसं आल्याच्या बातम्या अधूनमधून येतात. मी त्याला म्हटलं, भगताचा चेहरा टिप, गर्दीतले हात टिप, वंगणाचा डबाही टिप. म्हणतो, "बाई, डब्यानं जादू जाते." मी म्हटलं, फाळक्यांची गेली का?

तसा पोरगा हुशार आहे, नाही असं नाही. गेल्या श्रावणात त्यांच्याकडे कानबाई बसली होती. तुमच्याकडे नसते ना कानबाई? नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्या खानदेशात बसते. सगळी भाऊबंदकी एका घरात, गहू मोजून दळायचे, त्याचे रोट करायचे, रात्रभर जागरण आणि सोमवारी वाजतगाजत विसर्जन. देवी म्हणजे नारळ. त्या नारळाला डोळे काढायचे, नथ घालायची, पदर द्यायचा. त्यांच्याकडे हे काम जिजींचं. यानं काय केलं, तर मोबाइल घेऊन अर्धा तास नुसते जिजींचे हात टिपले. काजळाची काडी नारळाच्या उंचवट्यावर टेकते, हात कापतो म्हणून त्या मनगट गुडघ्यावर रोवतात, श्वास धरतात, एक डोळा काढतात आणि मग डाव्या हातानं स्वतःच्याच डोळ्यातलं पाणी पुसतात, वयाचं पाणी, भक्तीचं नाही. दुसरा डोळा पहिल्यापेक्षा जरा मोठा होतो. त्या मान तिरपी करून बघतात, "ऱ्हाऊ दे" म्हणतात. आणि त्या क्षणापासून घरातलं कुणी त्या नारळाला नारळ म्हणत नाही. घरच्यांना तो व्हिडिओ दाखवला तेव्हा त्याची थोरली काकू भडकली. म्हणे, माझी पैठणी कुठं आहे यात? एकाही बाईचा चेहरा नाही! मला विचाराल तर एवढं चांगलं चित्रण मी कुठल्या मोठ्या सिनेमातही बघितलेलं नाही.

म्हणून तर माझं म्हणणं आहे की त्यानं अस्तंब्याचाच सिनेमा करावा, पण तेलाच्या मागणीवरून. का ते सांगते, जरा जवळ या, ही गोष्ट मोठ्यानं सांगायची नाही. तुम्ही तेव्हा जळगावात आला नव्हतात. १ जुलै २०१८, रविवार. साक्री तालुक्यातलं राईनपाडा, बाजाराचा दिवस. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण भिक्षा मागायला आले होते. डौर वाजवत, देवाच्या कथा-गाणी सांगत गावोगाव फिरणारी ही माणसं. आणि त्या दिवसांत प्रत्येकाच्या मोबाइलवर फिरत होतं की मुलं पळवणारी टोळी आलीय. जमावानं त्यांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून मारलं. पाचही गेले. पूर्वी अफवा पसरायला निदान अशी एखादी भिंत लागायची, आणि भिंतीपलीकडे जिजींसारखं कुणीतरी विचारणारं असायचं, की तुला कुणी सांगितलं? मोबाइलला असं विचारणारं कुणी नाही.

हे मी जिजींना त्या वेळी वाचून दाखवलं होतं. त्या बराच वेळ गप्प बसल्या, मग म्हणाल्या, "मांगाले उना व्हतात. देवानं नि वाटे लावानं. इतलंच ते काम." मागायला आले होते, द्यायचं आणि वाटेला लावायचं. जिथं पिढ्यान्‌पिढ्या दारात आलेल्या जखमी परक्याला तेल द्यायची गोष्ट सांगतात, तिथलीच ही माणसं, वहिनी. दुसरीकडून नाही आली. आणि त्याच सातपुड्यात अजूनही एखाद्या बाईला डाकीण ठरवतात. ढोर मेलं, पोर तापलं की बोट तिच्याकडे. अंधश्रद्धेविरुद्ध लढणाऱ्या नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात खून झाला, त्यानंतर आठवड्याभरात जादूटोण्याविरुद्ध वटहुकूम निघाला, डिसेंबरात कायदा झाला. कायदा चांगलाच आहे. पण तो पोचतो बाई मार खाऊन झाल्यावर. गोष्ट आधी पोचलेली असते.

त्यामुळे श्रद्धेवर सिनेमा काढणाऱ्यांना मला एकच विचारायचं असतं. यात कुणाचं रक्त निघतं का? कानबाईच्या नारळात निघत नाही, तिथं मनसोक्त रमा, हवं तेवढं संथ दाखवा, आम्ही बघू. डाकिणीत निघतं, तिथं धुकं, घुबड आणि वाजंत्री लावून ते गूढ करू नका. ज्या बाईला बाहेर काढलं तिच्या घराची वाट दाखवा. अश्वत्थामा या दोन्हींच्या मध्ये कुठेतरी उभा आहे, म्हणूनच तो सिनेमाचा विषय आहे.

आणि भाषा! तो म्हणत होता, संवाद ठेवणारच नाही. का रे बाबा? भालचंद्र नेमाड्यांचं सांगवी आपल्या यावल तालुक्यात, त्यांच्यावर अक्षय इंडीकरांनी २०१६ साली 'उदाहरणार्थ नेमाडे' केला, निम्मा माहितीपट, निम्मी कल्पना. तिथंही माणसं बोलतातच की. डोंगर चढणारे लोक भिलीत, पावरीत बोलतात, बाजारात अहिराणी चालते. त्यांना मुकं केलं तर पुण्याच्या प्रेक्षकाला ते सुंदर वाटतील, एवढंच. मुकेपणा हा काही त्यांचा गुण नाही, आपल्याला त्यांचं बोलणं कळत नाही हा आपला दोष आहे.

तुमचे अहो बँकेत त्याच्या बापाबरोबर बसतात ना? मग एवढा निरोप द्या. अस्तंब्याला जायचं तर कॅमेऱ्याच्या आधी पावरी येणारं कुणीतरी सोबत न्यावं, चढणाऱ्यांना विचारून टिपावं, आणि नाही म्हणाले तर पिशवी बंद ठेवून नुसतं चढावं. सिनेमा झाला की पहिला खेळ पुण्यात नको. साक्रीला किंवा धडगावला बाजाराच्या दिवशी पडदा बांधा, फुकट दाखवा, आणि खेळ संपल्यावर लोक काय बोलतात ते ऐकायला तिथंच थांबा. यात्रा धनत्रयोदशीला आहे. मधला पावसाळा तयारीला पुरेल.